खासदारांचं संपर्क कार्यालय : माझ्या अकरा फेऱ्या

गेल्या तीन वर्षांत मी आमच्या खासदारांच्या संपर्क कार्यालयात ११ वेळा गेलो. प्रत्येक फेरीची तारीख, गेलेली-आलेली गाडी, काम काय होतं आणि किती वेळ बसलो हे सगळं माझ्या डायरीत आहे. एस.टी.त ३१ वर्षं वाहक होतो. चोपडा, शिरपूर, दोंडाईचा असं फिरत नोकरी झाली. रोज वेबिल, म्हणजे फेरीच्या तिकिटांचा हिशेबाचा कागद, भरायची सवय लागली ती निवृत्तीनंतरही सुटली नाही.

खासदारांचं नाव, पक्ष, गाव मी लिहिणार नाही. खान्देशातलं आहे, एवढं पुरे. मला लिहायचंय तिथे मिळणाऱ्या सेवेबद्दल, आणि ती सेवा ज्याच्या हातून मिळते त्या टेबलामागच्या माणसाबद्दल. त्यांना सगळे नाना म्हणतात. वय फार नाही, चाळिशीच्या आतबाहेर, पण आमच्याकडे कामाच्या माणसाला वय बघून नाना म्हणत नाहीत.

आधी जागा. बी-बियाण्यांच्या दुकानावर दुसरा मजला. २२ पायऱ्या, चढताना कठडा एकाच बाजूला. वर गेलं की मोठी खोली, प्लास्टिकच्या खुर्च्या, भिंतीवर नेत्यांचे फोटो, कोपऱ्यात पाण्याचा जार आणि स्टीलचे दोन ग्लास. दारापाशी एक रजिस्टर. त्यात नाव, गाव, फोन आणि काम लिहायचं, आपला नंबर पडतो. हे रजिस्टर मला पहिल्याच दिवशी आवडलं. बस स्टँडवर रांग मोडणारी माणसं मी आयुष्यभर पाहिली आहेत, त्यामुळे नंबराने काम करणारा माणूस दिसला की मला बरं वाटतं. पांढरी विजार घातलेले दोन कार्यकर्ते माझ्यासमोर थेट आत निघाले होते. नानांनी मान वर न करता रजिस्टरकडे बोट दाखवलं. ते परत आले आणि नंबर टाकून बसले.

जायच्या आधी एक गोष्ट बघून घ्या : तुमचा खासदार कोणता. हे सांगावं लागतं, कारण आपल्याकडे जिल्ह्याच्या आणि लोकसभेच्या हद्दी जुळत नाहीत. शिरपूर आणि साक्री धुळे जिल्ह्यात, पण मतदान नंदुरबारच्या खासदारासाठी. मालेगाव आणि बागलाण नाशिक जिल्ह्यातले, पण ते धुळे मतदारसंघात. बुलढाण्याचं मलकापूर रावेरमध्ये. माझ्या दुसऱ्या फेरीत एक म्हातारे बाबा दोन गाड्या बदलून आले होते आणि त्यांचा मतदारसंघच वेगळा निघाला. नानांनी त्यांना तसंच परत पाठवलं नाही. त्यांचा अर्ज नीट टाइप करून दिला, कुठे द्यायचा तो पत्ता वर लिहिला, आणि तिथल्या पीएला फोन करून ‘बाबा उद्या येतील, म्हातारे आहेत, थांबवू नका’ असं सांगितलं. बाबांचं मत यांच्या खासदाराला कधी पडणार नव्हतं.

माझी पहिली फेरी नोव्हेंबर २०२२ ची. आमच्या सौ.च्या हृदयाची झडप खराब झाली होती. डॉक्टरांनी ऑपरेशन सांगितलं आणि २ लाख ८० हजारांचं अंदाजपत्रक हातात दिलं. आमचं रेशनकार्ड पांढरं, कारण नोकरीत असताना पगार दिसत होता. तेव्हा पांढऱ्या कार्डाला महात्मा फुले जन आरोग्य योजना आमच्या जिल्ह्यात लागू नव्हती. (आता सगळ्या कार्डांना आहे, २०२४ पासून. ज्यांना अजून माहीत नसेल त्यांनी आधी तिकडे विचारावं.) निवृत्त वाहकाला ई.पी.एस.चं, म्हणजे भविष्य निर्वाह निधीतलं, पेन्शन किती येतं ते एस.टी.तल्या कुणालाही विचारा. मला महिन्याला ३,२०० येत होते. हाताशी होतं तेवढं काढलं, मुलीने तिची पाटली गहाण ठेवली, तरी सव्वा लाख कमी पडत होते.

कुणीतरी सांगितलं, खासदाराचं पत्र घेऊन पंतप्रधान राष्ट्रीय मदत निधीत अर्ज कर. मी घाबरतच गेलो. मला वाटलं, वर जाऊन हात जोडावे लागतील, कोण कुठला कार्यकर्ता ओळखीचा आहे ते सांगावं लागेल. नंबर आला. नानांनी माझ्याकडे बघितलं आणि म्हणाले, “कथाईन उनात आप्पा? पयले पानी पी ल्या. मंग सांगा काय काम शे.” म्हणजे कुठून आलात, आधी पाणी प्या, मग काम सांगा.

माझ्या बोलण्यावरून त्यांनी ओळखलं असेल की अहिराणीत विचारलं तर हा माणूस मोकळा होईल. मी मोकळा झालो. तोपर्यंत दवाखान्याच्या खिडकीवर, दाखल्याच्या खिडकीवर माझ्याशी सगळे कागदाच्याच भाषेत बोलले होते. उत्पन्नाच्या दाखल्यासाठी एका माणसाने माझ्याकडे १,५०० रुपये मागितले होते, ते मी दिले नव्हते, म्हणून माझा कागद बारा दिवस पडून होता.

नानांनी माझी पिशवी उघडायला लावली आणि एकेक कागद टेबलावर पसरला. जे मी त्या दिवशी पाहिलं ते सांगतो, कारण चांगली सेवा कशाला म्हणायचं ते मला तिथे समजलं. त्यांनी आधी अंदाजपत्रक उचललं. मग सौ.चं आधार त्याच्या शेजारी ठेवलं आणि दोन्हींवरच्या नावाखाली पेन्सिल फिरवली. आधारला नावापुढे ‘बाई’ होतं, अंदाजपत्रकात नव्हतं. मला ते महिनाभरात दिसलं नव्हतं. मग त्यांनी कॉम्प्युटरवर दवाखान्यांची यादी उघडली. या निधीतून मदत सरकारी दवाखान्याला किंवा यादीतल्या खासगी दवाखान्यालाच मिळते आणि पैसे थेट दवाखान्याकडे जातात, रुग्णाच्या खात्यावर येत नाहीत. आमचा दवाखाना यादीत होता, पण त्यांनी दिलेला कागद साधा होता. लेटरहेडवर नव्हता, डॉक्टरांची सही होती, शिक्का नव्हता.

“आप्पा, हा कागद असाच दिल्लीला गेला तर परत येईल. ते परत आलेलं तुम्हाला कळायला महिना जाईल, आणि ताईंचं ऑपरेशन तर पुढच्या महिन्यात आहे. ऑपरेशन होऊन गेल्यावर झालेला खर्च मिळत नाही. म्हणून आज परत जा, नवीन अंदाजपत्रक आणा. पत्र मी टाइप करून ठेवतो.”

दुसऱ्या दिवशी मी पहिल्या गाडीने पोचलो. पत्र तयार होतं. अर्ज, अंदाजपत्रक, उत्पन्नाचा दाखला, रहिवासी पुरावा, दोन फोटो, सगळं एका टाचणीत. त्यांनी पूर्ण संचाच्या दोन झेरॉक्स काढायला लावल्या. एक माझ्याकडे, एक त्यांच्या फायलीत. फायलीच्या पाठीवर माझ्या गावाचं नाव आणि क्रमांक. ऑपरेशनच्या आठ दिवस आधी पंतप्रधान कार्यालयाचं पत्र घरी आलं : ५० हजार मंजूर. सव्वा लाखातले ५० हजार कमी झाले म्हणजे काय, हे ज्याने पाटली गहाण ठेवलेली पाहिली आहे त्याला सांगायला नको. सौ. आज घरात आहेत, सकाळी चुलीपाशी त्यांचा आवाज असतो.

हा निधी पंडित नेहरूंनी जानेवारी १९४८ मध्ये सुरू केला, फाळणीत इकडे आलेल्या निर्वासितांसाठी. हे मला नानांनीच सांगितलं. मी विचारलं नव्हतं. पण पैसा कुठून आला ते माणसाला माहीत असावं, असं त्यांचं म्हणणं.

मग मी पुढच्या फेऱ्या लोकांसाठी केल्या. गावात समजलं की आप्पाला तिथली वाट माहीत आहे. कुणाला मुंबईच्या टाटा हॉस्पिटलला जायचं असतं आणि तिकीट वेटिंगवर असतं, तेव्हा रेल्वेच्या आपत्कालीन कोट्यासाठी खासदारांचं पत्र लागतं. त्यासाठी सहा वेळा गेलो. पाच वेळा बर्थ मिळाला, एकदा नाही. नाही मिळाला तेव्हा नानांनी रात्री फोन करून सांगितलं, नाहीतर पेशंट स्टेशनवर जाऊन बसला असता. एकाला केंद्रीय विद्यालयात मुलासाठी शिफारस हवी होती. तो कोटा २०२२ मध्येच बंद झाला, हे नानांनी दोन मिनिटांत सांगितलं आणि आशेवर ठेवलं नाही. गटारीचं काम घेऊन आलेल्याला ते म्हणतात, हे नगरपालिकेचं, पत्र देतो पण काम तिथेच होईल. सातबारावाल्याला तहसील दाखवतात. खासदार निधीबद्दलही लोकांचा फार गैरसमज असतो. वर्षाला ५ कोटी, आणि एका लोकसभा मतदारसंघात आपल्याकडे ६ विधानसभा. आमदाराला एका मतदारसंघासाठी ५ कोटी मिळतात, तेवढ्याच पैशात खासदाराने ६ मतदारसंघ बघायचे. शिवाय खासदार फक्त काम सुचवतो, मंजुरी आणि पैसे जिल्हाधिकाऱ्यांकडून. समाजमंदिर मागायला आलेल्या मंडळाला नाना हे सगळं कागदावर आकडे मांडून समजावत होते, आणि मंडळी ऐकत होती.

आता सगळ्यात मोठी गोष्ट. आमच्या गावाजवळ एक लहान स्टेशन आहे. करोनाआधी तिथे थांबणारी एक गाडी करोनानंतर थांबेनाशी झाली. पॅसेंजर परत सुरू झाल्या त्याही एक्स्प्रेसच्या भाड्याने. १० रुपयांचं तिकीट ३० झालं. ते भाडं २०२४ मध्ये परत खाली आलं, पण थांबा आला नाही. मी जन्मभर तिकिटं फाडलेला माणूस. मी आठ दिवस सकाळी स्टेशनवर बसलो आणि कोण कुठे जातं, किती जण, कशासाठी, सगळं लिहून काढलं. पाच पानं भरली. ती घेऊन गेलो.

नानांनी ती पाचही पानं वाचली. माझ्यासमोर, पूर्ण. मध्ये फोन वाजला तर त्यांनी बोट त्या ओळीवर ठेवून फोन घेतला. मग म्हणाले, अधिवेशन तोंडावर आहे, नियम ३७७ खाली देऊ. मला नियम माहीत नव्हता. लोकसभेत प्रश्नोत्तरात किंवा चर्चेत न बसणारा, मतदारसंघाचा एखादा विषय खासदार या नियमाखाली मांडतो. मजकूर २५० शब्दांच्या आत पाहिजे. माझी पाच पानं, आणि शब्द २५०.

त्यांनी मला शेजारी खुर्ची दिली आणि माझ्यासमोर लिहायला घेतलं. मी सुरुवात केली होती ‘माननीय महोदय, आपणांस विनम्र विनंती करण्यात येते की’ अशी. त्यावर त्यांनी आडवी रेघ मारली. गावाचा इतिहास गेला, मी नोकरीत किती वर्षं होतो तेही गेलं. थोडं वाईट वाटलं. पण एक ओळ त्यांनी ठेवली. मी लिहिलं होतं : ‘पहाटे ५ वाजता बाया डबे बांधून स्टेशनावर येतात, गाडी समोरून निघून जाते, मग त्या चार किलोमीटर चालून फाट्यावर जातात.’ नाना म्हणाले, हे राहील, बाकी आकडे याच्या मागे लावू. मग पेन्सिलीने प्रत्येक दहा शब्दांवर एक टिंब दिलं. टिंबं मोजली. २६ झाली. पुन्हा दोन वाक्यं जोडली, ‘अत्यंत’ काढलं, ‘गैरसोय होत आहे’ काढलं. २४ टिंबं आणि वर सहा शब्द. मग टाइप केलं.

अकरा दिवसांनी त्यांचा फोन आला, आप्पा, टीव्ही लावा. आमच्या घरी आठ-दहा जणं जमली होती. खासदार साहेब उभे राहिले आणि मराठीत वाचलं. ‘पहाटे ५ वाजता बाया डबे बांधून’ हे शब्द आले तेव्हा ओट्यावर बसलेल्या आमच्या वहिनी म्हणाल्या, ह्या तर आम्हीच. कुणी काही बोललं नाही मग.

थांबा अजून मिळालेला नाही, हे खरं लिहितो. रेल्वेचं उत्तर आलं, त्याची झेरॉक्स माझ्याकडे आहे : थांबा देणं ही निरंतर प्रक्रिया आहे, प्रवाशांची संख्या आणि गाडी चालवण्याच्या दृष्टीने शक्यता बघून निर्णय होतो. नानांनी मला उत्तराचा अर्थ समजावला आणि पुढच्या वेळी तिकीटविक्रीचे आकडे जोडायचे म्हणाले. ते मी गोळा करतोय.

त्या कागदावर, संसदेच्या कामकाजात, पेपरात, सगळीकडे खासदारांचं नाव आहे. ते बरोबरच आहे, निवडून ते आले आहेत, सभागृहात उभे तेच राहिले. पण ज्याने पाच पानांतून ती ओळ ओळखली त्याचं नाव कुठे नाही. म्हणून मी सहाव्या फेरीनंतर त्यांना समोरच्या टपरीवर घेऊन गेलो, शेव-मुरमुरे आणि चहा मागवला आणि विचारलं, तुम्ही इथवर आलात कसे.

वडील सालदार होते. पाडव्याला साल ठरायचं, वर्षभर एका शेतकऱ्याकडे राबायचं. नानांनी विद्यापीठातून एम.एस.डब्ल्यू. केलं आणि नोकरी मिळेना म्हणून जिल्हाधिकारी कार्यालयाबाहेर टेबल टाकून टायपिंग सुरू केलं, अर्जामागे २० रुपये. खासदार साहेब तेव्हा खासदार नव्हते. त्यांच्या लक्षात आलं की या टेबलावरून आलेले अर्ज आतून परत येत नाहीत. म्हणून बोलावलं. निवडून आल्यावर नाना पीए झाले. अधिवेशन असलं की दिल्लीला जातात, नॉर्थ अव्हेन्यूच्या फ्लॅटमध्ये राहतात, बाकी दिवस इथे. खासदाराला कार्यालयासाठी जो भत्ता मिळतो त्यातला मदतनिसांच्या पगाराचा भाग १ एप्रिल २०२३ पासून महिना ५० हजार आहे, आधी ४० हजार होता. त्यात दिल्लीचा एक मुलगा आणि इथले दोघं. भागून बघा.

दिल्लीत ते काय करतात ते मी खोदून विचारलं. प्रश्नाची लेखी सूचना किमान १५ दिवस आधी द्यावी लागते. तारांकित प्रश्न दिवसाला फक्त २० येतात, त्यांना मंत्री तोंडी उत्तर देतात आणि वर उपप्रश्न विचारता येतो. बाकीचे अतारांकित, त्यांना लेखी उत्तर. सूचना शेकड्याने येतात, क्रम चिठ्ठीने लागतो. शून्य प्रहराची सूचना सकाळी १० च्या आत. नाना हे सगळं असं सांगत होते जसं मी तुम्हाला शिरपूर आगारातल्या मुक्कामी गाड्या सांगेन.

मला तेव्हाच वाटलं आणि अजून वाटतं, या माणसाने खासदार व्हावं.

यात नवं काही नाही. पीएचं टेबल सोडून सभागृहात गेलेली माणसं आपल्या देशात आहेत. आर. के. धवन स्टेनोग्राफर होते, १९६२ पासून १९८४ पर्यंत इंदिराजींबरोबर राहिले आणि १९९० मध्ये राज्यसभेत गेले, पुढे केंद्रात मंत्री झाले. आज भुसावळवरून जी गाडी धावते तिच्या खात्याचे मंत्री अश्विनी वैष्णव हे पूर्वी अटलजींचे खासगी सचिव होते. २०१९ ला ओडिशातून राज्यसभा, २०२१ ला रेल्वेमंत्री. आपल्या राज्यात तर उदाहरणं डोळ्यासमोर आहेत. दिलीप वळसे पाटील शरद पवारांचे पीए होते, १९९० ला आंबेगावातून आमदार झाले, पुढे विधानसभेचे अध्यक्ष. देवेंद्र फडणवीसांबरोबर काम केलेले अभिमन्यू पवार २०१९ ला औशातून आले आणि सुमित वानखेडे २०२४ ला आर्वीतून. उद्धव ठाकरेंचे पीए मिलिंद नार्वेकर २०२४ ला विधान परिषदेवर गेले. पक्ष कोणताही असो, वाट आहे.

पण या यादीकडे मी वाहकाच्या नजरेने बघितलं तर एक गोष्ट दिसते. दिल्लीपर्यंत पोचले ते राज्यसभेच्या दाराने, म्हणजे आमदारांच्या मतांवर. लोकांच्या मतांवर निवडून आलेले राज्यात राहिले, आणि त्या प्रत्येकाच्या मागे राज्यातला सगळ्यात मोठा नेता उभा होता. जिल्ह्याच्या कार्यालयातला, २२ पायऱ्या चढून बसणारा पीए थेट लोकसभेत गेला, असं मला आपल्या खान्देशात कुणी सांगितलेलं नाही. आपल्याकडची वाट गावातून निघते. माणिकराव गावीत ग्रामपंचायतीपासून सुरू करून नंदुरबारमधून ९ वेळा लोकसभेवर गेले, २००९ ला नव्या लोकसभेचे हंगामी अध्यक्ष होते. रक्षाताई खडसे कोथळीच्या सरपंच होत्या, मग जिल्हा परिषद, मग २०१४ ला लोकसभा. प्रतिभाताई पाटील १९६२ ला जळगावातून आमदार झाल्या तेव्हा २७ वर्षांच्या होत्या. पुढे राष्ट्रपती झाल्या, पण लोकसभेत त्या अमरावतीतून गेल्या. ही वाट चांगली आहे, मी तिला नाव ठेवत नाही. सरपंचाला गाव कळतं. पण नानांच्या फायलीत ६ विधानसभांतली गावं आहेत, आणि प्रत्येक गावाचं दुखणं त्यांनी कागदावर लिहून बघितलेलं आहे. ही शिदोरी घेऊन दिल्लीला गेलेला माणूस पहिल्या दिवसापासून कामाला लागेल.

मी हे त्यांना तोंडावर बोललो. ते चहा ढवळत राहिले. म्हणाले, “आप्पा, मना बाप सालदार व्हता. फॉर्म भराले पैसा पुरतीन. नंतरना कथाईन लई येसू?” फॉर्मपुरते पैसे होतील, पुढचे कुठून आणू, असं.

लोकसभेचं डिपॉझिट २५ हजार, अनुसूचित जाती-जमातीच्या उमेदवाराला साडेबारा हजार. एक षष्ठांश मतं नाही पडली तर ते जप्त. आणि खर्चाची मर्यादा आपल्या राज्यात ९५ लाख. नाना म्हणाले, मर्यादा ९५ आहे म्हणजे कमीत कमी किती लागत असतील त्याचा अंदाज करा. पक्ष तिकीट देताना पहिला प्रश्न काय विचारतो ते मी रोज बाजूच्या खोलीत ऐकतो, असंही ते म्हणाले.

शिवाय दुसरं एक भय आहे, ते त्यांनी हळू आवाजात सांगितलं. पीएने उभं राहायचं म्हटलं की साहेबाला वाटतं, हा माझीच खुर्ची बघतोय. म्हणून त्यांनी आजवर साध्या पंचायत समितीचंही नाव काढलेलं नाही. आणि त्यांना कायद्याची बाजू पाठ आहे. यशपाल कपूर पंतप्रधानांच्या सचिवालयात सरकारी पदावर होते. १९७१ च्या रायबरेलीच्या निवडणुकीत राजीनामा लागू होण्याआधी ते ७ जानेवारीपासून प्रचाराचं काम करत होते, असं अलाहाबाद हायकोर्टाने धरलं आणि १२ जून १९७५ ला इंदिराजींची निवडणूक रद्द झाली. त्या निकालानंतर देशात काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे. नोव्हेंबरमध्ये सुप्रीम कोर्टाने निकाल फिरवला. पण एका सहाय्यकाच्या राजीनाम्याच्या तारखेवर एवढं मोठं प्रकरण उभं राहिलं होतं. नाना म्हणाले, माझी नोकरी तशी सरकारी नाही, तरी ज्या दिवशी ठरवेन त्या दिवशी आधी हे टेबल सोडेन, मग घराबाहेर पडेन.

म्हणजे विचार आहे. मी डायरीत ती तारीख लिहून ठेवली.

आता कार्यालयातल्या त्रुटी, कारण नुसतं चांगलं लिहिलं तर ते पूर्ण होणार नाही. २२ पायऱ्या हा अन्याय आहे. पाय अधू झालेली बाई खाली दुकानाच्या ओट्यावर बसून राहते आणि नाना स्वतः खाली येऊन तिचा अर्ज घेतात, हे मी पाहिलं. पण नाना दिल्लीला असले की खाली कुणी येत नाही. कार्यालय तळमजल्यावर पाहिजे, एवढं खासदार साहेबांनी करावंच. बायांसाठी स्वच्छतागृह आहे, त्याला कुलूप असतं, चावी मागावी लागते. चाळीस-पन्नास किलोमीटरवरून आलेल्या बाईला चावी मागायला लावू नये. लँडलाइन फोन उचलला जात नाही. आणि अधिवेशनाच्या काळात दुसरा मुलगा टेबलावर असतो, तो चांगला आहे, पण कागद घेतो आणि ‘बघतो’ म्हणतो. माझी आठवी फेरी अशीच वाया गेली. ७ तास, जाऊन-येऊन.

जाणार असाल तर सोमवारी जाऊ नका, गर्दी फार. बुधवार-गुरुवारी सकाळी १० च्या आत पोचा. कागदांच्या तीन झेरॉक्स आधीच काढून न्या, खाली दुकानात रांग असते. दवाखान्याचं काम असेल तर अंदाजपत्रक लेटरहेडवर, सही आणि शिक्क्यासकट, आणि नाव आधारप्रमाणे अक्षर न अक्षर. पैसे कुणी मागत नाही. मागितले तर तो माणूस त्या कार्यालयाचा नाही.

पाचपैकी साडेचार. अर्धा गुण पायऱ्यांसाठी कापला.

अकराव्या फेरीला मी काम घेऊन गेलो नव्हतो. सौ.ने वांग्याचं भरीत आणि कळण्याच्या भाकरी बांधून दिल्या होत्या, नानांसाठी. वाटलं, डबा देऊन लगेच निघू. वर गेलो तर खोली भरलेली. नानांसमोर एक तरुण बाई बसली होती, कडेवर पोर, टेबलावर कागद पसरलेले, आणि नाना आधार आणि दवाखान्याचा कागद शेजारी शेजारी ठेवून नावाखाली पेन्सिल फिरवत होते. मी डबा वर करून दाखवला. त्यांनी माझ्याकडे बघितलं, हसले, आणि दाराकडच्या रजिस्टरकडे बोट केलं.

“आप्पा, नंबर टाका. बसा.”

माझा नंबर १४ होता. मी बसलो.